आफ्रिकन डेझी : नावाचा घोळ आणि लागवडीचं गणित

नर्सरीत ‘आफ्रिकन डेझी’ मागितली की हातात काय पडेल याचा नेम नाही. गझानिया, डायमॉर्फोथिका, ऑस्टिओस्पर्मम, आर्क्टोटिस, कधी जरबेरासुद्धा. सगळी मूळची आफ्रिकेची, पण लागवड एकसारखी नाही.

सगळ्यात मोठा घोळ डायमॉर्फोथिका आणि ऑस्टिओस्पर्मम या दोघींचा. १७५३ साली ऑस्टिओस्पर्मम, म्हणजे ‘हाडासारखं बी’, हे नाव छापलं गेलं. १७९४ मध्ये डायमॉर्फोथिका आली, ‘दोन रूपांची फळं’. हंगामी डायमॉर्फोथिकाचं वाळलेलं फूल तळहातावर चोळा : कडेच्या पाकळ्यांचं बी खरखरीत, काडीसारखं, मधल्या चकतीतलं चपटं, पातळ पंखाचं. ऑस्टिओस्पर्ममच्या चकतीत बी धरतच नाही. एक्लोनिस ही बहुवर्षायू जात १८३८ मध्ये डायमॉर्फोथिका म्हणूनच नोंदली गेली होती. बियांच्या याच कसोटीवर १९४३ मध्ये तिला ऑस्टिओस्पर्मममध्ये हलवलं. एवढ्या एका खुणेवर हलवायला नको होतं. पुढे वनस्पतिशास्त्राने तिला परत डायमॉर्फोथिकात आणलं खरं, पण तोवर युरोपातल्या संकरित वाणांनी बाजार भरला होता. लेबलवर ऑस्टिओस्पर्ममच राहिलं.

बागेत याचा अर्थ असा : हंगामी डायमॉर्फोथिका बियांपासून करायची. संकरित ऑस्टिओस्पर्ममचं बी धरलंच तरी आईसारखं फूल देत नाही. त्याची ७-८ सेंमीची, कळी नसलेली फांदी तोडून खालची पानं काढून भरड वाळूत लावायची.

या फुलांच्या माहेरी, दक्षिण आफ्रिकेतल्या नामाक्वालँडमध्ये, पाऊस हिवाळ्यात पडतो आणि ऑगस्ट-सप्टेंबरात माळ केशरी होतो. आपल्याकडे पाऊस उन्हाळ्याच्या पाठोपाठ येतो, म्हणून डायमॉर्फोथिका आणि गझानियाची पेरणी पाऊस ओसरल्यावर, ऑक्टोबरात. गझानियाच्या बियांना अंधार लागतो, वर अर्धा सेंमी माती हवीच. चार-पाच पानांवर रोपं २०-२५ सेंमी अंतराने लावावीत. किमान सहा तास थेट ऊन हवं. ढगाळ दिवशी फुलं मिटलेलीच राहतात, तो रोग नव्हे. शेणखत किंवा युरिया जास्त झाला की नुसता पाला माजतो.

रोप मरतं ते बहुधा पाण्यानं. गझानियाच्या पानांची खालची बाजू पांढरी, लवदार असते. पानांच्या झुबक्यात पाणी साचलं की बुंधा सडतो. मातीत तिसरा हिस्सा भरड वाळू घाला, बुंधा मातीच्या किंचित वर ठेवा, पाणी सकाळी मुळाशीच द्या. जून लागला की कुंड्या पागोळ्यांखालून हलवा.