थरच्या वाळवंटातील खाद्य रानवनस्पती

थरचे वाळवंट पश्चिम राजस्थान, गुजरातचा काही भाग आणि पाकिस्तानातील सिंध व पंजाब प्रांतांत पसरले आहे. येथे वर्षाला साधारण १०० ते ५०० मिमी. पाऊस पडतो आणि तोही बहुतेक जुलै ते सप्टेंबर या काळात. येथील रानमेव्यात झाड ओळखता येणे ही अर्धीच विद्या होय. तेच फळ कोवळे असताना भाजी, निबर झाले की निरुपयोगी आणि प्रक्रियेविना तोंडात धरवणार नाही, अशी स्थिती बहुतेक वनस्पतींची आहे.

नवख्याची पहिली अडचण बिनपानांच्या झुडपांची. केर, फोग आणि खींप ही तिन्ही दुरून सारखीच हिरवट, काटक्यांचा गुंता वाटतात. केरच्या, म्हणजे आपल्या नेपतीच्या, हिरव्या फांद्यांवर जोडीजोडीने काटे असतात, फुले विटकरी तांबडी असतात आणि पाने फक्त कोवळ्या फुटव्यावर थोडे दिवस दिसतात. फोग वाळूच्या टेकड्यांवर वाढतो. त्याला काटे नसतात, जुने खोड राखाडी व नागमोडी आणि कोवळ्या फांद्या पेरापेरांच्या असतात. फळावर दाट लालसर राठ केस असतात. खींप केरसुणीसारखी सरळ, बिनकाट्यांची. तिच्या लांबट कोवळ्या शेंगांची, खिंपोळीची, भाजी होते आणि खोडाच्या वाखाचे दोर वळतात.

केरची फळे मुख्यतः एप्रिल-मे महिन्यांत तोडतात. वाटाण्याएवढा हिरवा केर उत्तम. मोठ्या फळातील बी कडक लागते आणि लाल पिकलेले फळ लोणच्याच्या कामाचे नाही (ते तसेच खातात). ताजे फळ तिखट-कडू असते. ते धुऊन, देठ काढून लिटरला ५० ते ७० ग्रॅम मीठ घातलेल्या पाण्यात किंवा ताकात बुडवतात आणि पाणी बदलत पाच ते सात दिवस ठेवतात. हिरवा रंग जाऊन पिवळसर झाला आणि चावल्यावर जीभ चुरचुरली नाही, की केर तयार. फळे तरंगून पाण्याबाहेर राहिली तर वरच्या थराला बुरशी येते, म्हणून वर वजन ठेवावे. नंतर स्वच्छ पाण्यात धुऊन लोणचे घालतात किंवा कडक उन्हात वाळवतात. अर्धवट वाळलेला केर डब्यात हमखास बुरसतो.

सांगरी ही खेजडीची, म्हणजे शमीची, कोवळी शेंग. खेजडी हा १९८३ पासून राजस्थानचा राज्यवृक्ष आहे. तिची गल्लत विलायती बाभळीशी होते. खेजडीचे काटे लहान, शंकूसारखे आणि पेरांच्या मधल्या भागावरही विखुरलेले; विलायती बाभळीचे पेरापाशी जोडीने आणि लांब. खेजडीची शेंग बारीक, गोलसर, तर विलायतीची जाड, चपटी आणि पिकल्यावर पिवळी. सांगरी आत बी फुगण्याआधीच तोडावी लागते. शेंगेवर गाठी जाणवू लागल्या की धागे धरतात आणि कितीही शिजवली तरी ती चोथट राहते. शेंगा मिठाच्या पाण्यात दहा-पंधरा मिनिटे उकळून, निथळून, हाताने सहज मोडेपर्यंत वाळवतात. पिकून झाडावर वाळलेली शेंग म्हणजे खोखा. तो गोड असतो आणि तसाच खातात.

केर-सांगरीच्या भाजीत चार भाग सांगरीला एक भाग केर हे प्रमाण चांगले जमते. दोन्ही रात्रभर वेगवेगळ्या पाण्यात भिजवून, दोन-तीनदा खळखळून धुऊन, मऊ होईपर्यंत उकडतात आणि तेलात आमचूर किंवा दह्याबरोबर परततात. वाळूचे कण धुतानाच जायला हवेत, नंतर काही उपाय नाही. यात कुमट या काटेरी झाडाच्या बिया, गोंदा (भोकर) आणि आमचूर मिळाले की पंचकुटा ही पाच जिनसांची भाजी होते. पाचवा घटक घरोघर बदलतो. कुमट ओळखायला काटे पुरेत: प्रत्येक पेरावर तीन, मधला खाली वळलेला आणि बाजूचे दोन वर. त्याच्या चपट्या बिया खातात; खोडाचा डिंकही खाण्यात येतो.

फोगच्या कळ्या, फोगला, साधारण फेब्रुवारी-मार्चमध्ये गोळा करून ताज्या किंवा वाळवून दह्यात घालतात. जाळी नावाच्या झाडाचे फळ पीलू, हे मे-जूनमध्ये पिकते. गोड जाळीची फळे पिवळसर व जवळपास बिनदेठाची, खाऱ्या जाळीची गुलाबी-जांभळी, देठाची आणि चवीला तिखटसर. पीलू एकेक न खाता मूठभर तोंडात टाकावेत, नाहीतर तोंड येते, असे तेथे सांगतात. खाऱ्या जाळीची काडी दातणाला वापरतात.

खरा धोका वेलांत आहे. पावसाळ्यात एकाच वाळूवर मतीरा (रानकलिंगड), काचरी (छोटी रानकाकडी) आणि तुंबा असे वेल पसरतात. तुंबा म्हणजे कडू इंद्रावण: पाने खरखरीत व खोलवर कातरलेली, फळ गुळगुळीत, गोल, हिरव्या पट्ट्यांचे आणि पिकल्यावर पिवळे. त्याचा गर तीव्र रेचक असून जास्त पोटात गेल्यास रक्ताचे जुलाब होऊ शकतात. शिजवल्याने कडूपणा जात नाही. संशय असल्यास गराचा कण जिभेच्या टोकाला लावून थुंकावा. कडू लागला तर फळ फेकावे, मग ते काचरीसारखे का दिसेना. तुंब्याच्या बियांचे तेल मात्र साबणाला चालते. पिकलेली काचरी आंबटगोड असते. ती सोलून, काप वाळवून पूड करतात आणि ती मांस मऊ करायलाही घालतात. कच्ची काचरीही कडू लागते, पण पिकल्यावर निवळते.

रुईच्या खोडाचा वाख चिवट असतो, पण तो काढताना चीक डोळ्यांत जाऊ देऊ नये. भुरट गवताचे दाणे बाजरीच्या पिठात मिसळत. आधी काटेरी आवरण कांडून काढावे लागते. १८९९-१९०० च्या छप्पनिया दुष्काळात खेजडीची सालही दळून खाल्ली गेली.

तोडणीलाही मर्यादा आहेत. चाऱ्यासाठी, म्हणजे लूंगसाठी, हिवाळ्यात पूर्ण छाटलेली खेजडी त्या उन्हाळ्यात सांगरी क्वचितच देते, म्हणून शेंगा हव्या असलेली झाडे छाटणीतून वगळावीत. फोगची मुळे कोळशासाठी खणली की झुडूप तर जातेच, शिवाय टेकडीची वाळूही मोकळी होते.