रस्त्यावरची पाटी करून घेण्याआधी: आमच्या ग्राहकांसाठी माहिती

ग्रामपंचायती, शाळा, साखर कारखाने, गृहनिर्माण सोसायट्या आणि रस्त्याची कामे घेणारे कंत्राटदार आमच्याकडे पाट्यांसाठी येतात. येताच दर विचारतात, आणि आम्ही उलट विचारतो की रस्ता कोणाच्या ताब्यात आहे आणि पाटीला मंजुरी कोणाची. आम्ही असे का विचारतो, ते येथे सांगत आहोत.

सार्वजनिक रस्त्यावर वाहतुकीचे चिन्ह लावण्याचा अधिकार मोटार वाहन कायदा, 1988 च्या कलम 116 प्रमाणे राज्य सरकारचा, किंवा सरकारने ज्याला तो दिला आहे त्याचा. राष्ट्रीय महामार्गावर महामार्ग प्राधिकरणालाही तो आहे. चिन्हाचा आकार, रंग आणि प्रकार कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत ठरवलेला आहे. राज्याला त्यात आपल्या लिपीतले शब्द, अक्षरे, आकडे जोडता येतात. त्यामुळे इशाऱ्याच्या त्रिकोणाखाली 'शाळा' असे मराठीत लिहिता येते, पण त्रिकोण तोच राहतो. नांदेडचा ट्रकचालक केरळात गेला तरी त्याला पाटी कळते ती यामुळेच.

पाटी बनवण्याचे बारकावे इंडियन रोड्स काँग्रेसच्या 'आयआरसी:67' या संहितेत आहेत. ही संस्था 1934 साली स्थापन झाली ती जयकर समितीच्या शिफारशीवरून. समितीचे अध्यक्ष बॅ. मुकुंदराव जयकर, म्हणजे पुढे पुणे विद्यापीठाचे पहिले कुलगुरू झाले तेच. आम्हाला याचा अभिमान वाटतो. संहिता 1977 ची, नंतर अनेकदा सुधारलेली. जुन्या अंदाजपत्रकात जुनी आवृत्ती लिहिली असेल तर ते आधी दुरुस्त करून घ्या.

मंजुरी कुठे मागायची? राज्यमार्ग आणि प्रमुख जिल्हा मार्ग असेल तर सहसा सार्वजनिक बांधकाम विभागाच्या उपविभागाकडे, इतर जिल्हा मार्ग आणि ग्रामीण मार्ग असेल तर जिल्हा परिषदेच्या बांधकाम विभागाकडे, शहरात महापालिका किंवा नगरपालिकेकडे. ग्रामसभेचा ठराव सोबत जोडा, मात्र ठराव म्हणजे परवानगी नव्हे.

मनाई करणारी पाटी असेल तर आणखी एक कागद लागतो. वेगमर्यादा कलम 112 खाली अधिसूचित व्हावी लागते. 'प्रवेश बंद', 'एकेरी वाहतूक', 'जड वाहनांस बंदी' यासाठी कलम 115 खालचा आदेश लागतो. पुण्यासारख्या पोलीस आयुक्तालयात असे आदेश वाहतूक शाखेचे उपायुक्त काढतात आणि नागरिकांच्या सूचना-हरकतीही मागवतात. जत्रा किंवा गणपतीसाठी महिनाभराच्या आत संपणारी बंदी असेल तर राजपत्रातली अधिसूचना लागत नाही, स्थानिक प्रसिद्धी पुरते. आदेश मात्र हवाच. आदेश नसताना उभ्या केलेल्या 'नो एंट्री'ला कायद्याचा आधार नसतो. तशी पाटी आम्ही करत नाही.

आकार आणि रंग यांत आम्ही फेरफार करत नाही. लाल काठाचे वर्तुळ म्हणजे मनाई, लाल काठाचा त्रिकोण म्हणजे पुढे धोका, निळा चौकोन म्हणजे सोय-सुविधेची माहिती. 'थांबा' तेवढा अष्टकोनी: धुळीने माखला किंवा मागून दिसला तरी ओळखू यावा म्हणून. राष्ट्रीय महामार्ग आणि राज्यमार्गावर दिशादर्शक फलक हिरवा असतो, द्रुतगती मार्गावर निळा. कामाच्या ठिकाणच्या तात्पुरत्या पाट्या पिवळ्या. रस्त्यावरचा वेग वाढला की पाटी मोठी होते: 600, 750, 900 मिलिमीटर. ग्रामीण रस्त्यावरची पाटी महामार्गावर चालत नाही. वाहनचालकाला ती वाचून ब्रेक दाबायला वेळच मिळत नाही.

आता ज्याला सगळे 'रेडियम' म्हणतात त्याबद्दल, कारण फसवणूक इथेच जास्त होते. या परावर्ती, म्हणजे प्रकाश परत फेकणाऱ्या, शीटचे प्रकार असतात. स्वस्त प्रकारात काचेचे बारीक मणी असतात. वरच्या प्रकारात सूक्ष्म लोलक असतात, जवळून पाहिले तर मधमाश्यांच्या पोळ्यासारखी किंवा चौकटींची नक्षी दिसते. दिवसा दोन्ही पाट्या सारख्याच दिसतात. फरक रात्री कळतो: मोबाइलची टॉर्च डोळ्याशेजारी धरा आणि वीस-पंचवीस पावलांवरून पाटीकडे पाहा. लोलकांची पाटी लख्ख उजळते. लाल काठाकडे नीट पाहा. काठ पारदर्शक शाईने छापलेला किंवा पारदर्शक फिल्मचा असेल तर रात्रीही लालच दिसतो. साधे लाल स्टिकर चिकटवलेले असेल तर तो काळा पडतो, आणि काळ्या काठाचे वर्तुळ अंधारात कशाचीच मनाई सांगत नाही. काळी चित्रे आणि आकडे मात्र चमकत नाहीत. ते तसेच असायला हवेत. कोणाकडूनही पाटी घ्या, पण शीटचा प्रकार बिलावर लिहून घ्या आणि शीट बनवणाऱ्या कंपनीचे हमीपत्र मागा. फ्लेक्सवर छापलेले वाहतूक चिन्ह कृपया लावू नका.

आणखी एक विनंती. चिन्हाच्या पाटीवर 'सौजन्य', सरपंचांचा फोटो किंवा दुकानाचे नाव टाकू नका. वाहतूक चिन्हासारखी दिसणारी किंवा चिन्ह झाकणारी जाहिरात काढून टाकण्याचा अधिकार सरकार पोलिसांना देऊ शकते. नाव हवेच असेल तर गावाच्या स्वागताची वेगळी कमान आम्ही आनंदाने करून देऊ. रस्त्याच्या मालकाची परवानगी मात्र तिलाही लागते.

गतिरोधकाची पाटी मागणाऱ्यांनी आधी गतिरोधक मंजूर आहे का ते पाहावे. रोड्स काँग्रेसच्या गतिरोधकांसाठीच्या संहितेतला गोल गतिरोधक 3.7 मीटर रुंद आणि 10 सेंटिमीटर उंच असतो, आणि इशाऱ्याची पाटी त्याच्या 40 मीटर अलीकडे लागते. पाटी अगदी गतिरोधकाशेजारी रोवली तर दुचाकीवाला पडल्यावरच ती वाचतो.

सोसायटीच्या फाटकाच्या आतला खासगी रस्ता असेल तर सरकारी आदेशाची गरज सहसा पडत नाही. तरी तिथेही चिन्हे तीच वापरा, कारण मुले वाहतुकीची चिन्हे शिकतात ती आधी याच आवारात.

लावलेल्या पाटीला गाडीची धडक बसून ती निकामी झाली तर चालकाने 24 तासांच्या आत पोलिसांना कळवावे, असे कायदा सांगतो. आपल्याला आढळली तर आम्हालाही फोटो पाठवा. खांब शाबूत असेल तर फक्त पत्रा बदलून काम होते आणि खर्च वाचतो.

ऑर्डर देताना परवानगीचे पत्र, रस्त्याचा दर्जा, तिथली वेगमर्यादा आणि पाटी लागणार त्या जागेचे दोन्ही दिशांनी काढलेले फोटो आणा. झाड, डीपी किंवा विजेचा खांब आड येत असेल तर फोटोतच दिसते, आणि खड्डा खणण्याआधी जागा बदलता येते.