भयकथा-रसिक मंडळ

भय, गूढ आणि अतिमानवी घटनांवरच्या ललित साहित्याची आवड असणाऱ्यांनी वाचन, कथाकथन, चर्चा आणि सहलींसाठी चालवलेली हौशी संस्था. अशा मंडळाचे सभासद भुतांच्या मागावर जात नाहीत. भुताची गोष्ट कशी रचली जाते, ती अंगावर काटा का आणते, यात त्यांना रस असतो. इंग्लंडात ही दोन कामे दोन वेगळ्या संस्थांनी केली. 1862 मध्ये लंडनला स्थापन झालेला घोस्ट क्लब झपाटलेल्या जागांची चौकशी करणाऱ्यांचा होता. 1973 मध्ये त्याच शहरात सुरू झालेली ड्रॅक्युला सोसायटी ही वाचकांची संस्था आहे. व्याख्याने, कथेतल्या ठिकाणांच्या सहली आणि उत्तम साहित्यकृतीला दरवर्षी पुरस्कार हा तिचा शिरस्ता. मराठवाड्यात मात्र ही सीमारेषा सांभाळणे अवघड जाते. त्याची कारणे पुढे येतील.

गॉथिक, म्हणजे जुन्या वास्तूंभोवती फिरणाऱ्या भयगूढ कादंबरीचा आरंभ 1764 मधल्या होरेस वॉलपोल याच्या कादंबरीपासून मानतात. पडका किल्ला, बंद खोली, वाडवडिलांचे पाप आणि उतरणीला लागलेले घराणे हे तिचे भांडवल. मराठवाड्याच्या वाचकाला हे परके वाटायचे कारण नाही, कारण गावोगावी गढी आहे. पांढऱ्या मातीच्या हातभर जाड भिंती, बुरूज, दिंडी दरवाजा, आत बळद (धान्य साठवायची जागा) आणि तळघर. 1949 मध्ये हैदराबाद राज्यातल्या जहागिऱ्या बरखास्त झाल्या, पुढे अनेक घराणी शहरात गेली, आणि गढ्या पावसागणिक खचत राहिल्या. गावकऱ्यांनी त्यांची माती माळवदावर, म्हणजे घराच्या धाब्यावर, टाकायला नेली. मागे उरल्या त्या गोष्टी. या गोष्टींत नायिकेचा आक्रोश कमी आणि गुप्तधन जास्त असते: हंडा राखणारा नाग, पायाळू (पायाकडून जन्मलेल्या) माणसालाच दिसणारी जागा, बळी मागणारा राखणदार. युरोपी गॉथिकमध्ये वारस शापाला भितो. इथे बहुधा शेजारी वारसाच्या हंड्यावर डोळा ठेवून असतो, आणि कथा म्हणून हे जास्त रंगते.

मंडळाच्या वाचनाची सुरुवात पैठणपासून करता येते. सोमदेवाने अकराव्या शतकात काश्मिरात रचलेल्या ‘कथासरित्सागर’मधल्या वेताळकथांचा राजा त्रिविक्रमसेन हा गोदातीरावरच्या प्रतिष्ठानचा, म्हणजे पैठणचा. शिंशपा वृक्षावर लटकणारे प्रेत खांद्यावर घेऊन मसणवटीतून चालणारा हा राजा उज्जैनचाच, असा बहुतेकांचा समज असतो. ज्या ‘बृहत्कथे’वर सोमदेवाचा ग्रंथ आधारला आहे, तिचा कर्ता गुणाढ्य यालाही परंपरा सातवाहनांच्या दरबाराशी जोडते. राजाने ग्रंथ नाकारला तेव्हा तो रानात पशुपक्ष्यांना एकेक पान वाचून दाखवत अग्नीत टाकत गेला, ही आख्यायिका कुठल्याही भयकथेपेक्षा कमी नाही. महानुभाव पंथाचा आद्य मराठी गद्यग्रंथ ‘लीळाचरित्र’ यातही मृत हरिपाळदेवाच्या देहात चांगदेव राऊळांनी प्रवेश केल्याची हकिगत आहे. ती अर्थात श्रद्धेने सांगितलेली आहे आणि तशीच वाचावी.

आधुनिक मराठीत भयकथाकार नारायण धारप (1925–2008) आणि रत्नाकर मतकरी (1938–2020) यांच्याशिवाय असे मंडळ चालूच शकत नाही. मात्र मराठी भयकथा म्हटले की डोळ्यांसमोर येतो तो मुसळधार पाऊस आणि माडांची बने. मराठवाड्याचे भय कोरडे आहे. ते भर दुपारी बाराला माळावर, ओसाड बारवेवर (पायऱ्यांच्या विहिरीवर), पिंपळाखाली भेटते. मुंजा, हडळ, वाट चुकवणारा चकवा, पाण्यापाशी साती आसरा. शेतातल्या आखाड्यावर (शेतवस्तीवर) रात्रीच्या लाइटीची वाट पाहत, पिकाला पाणी द्यायला जागणाऱ्यांकडे या गोष्टींचा साठा मोठा आहे. सहलीसाठी दौलताबादच्या किल्ल्यातली अंधारी हाताशी आहेच. शत्रूला चकवण्यासाठी कातळात खोदलेल्या या वळणावळणाच्या वाटेत दिवसाही वटवाघळांचा वास येतो. परभणी जिल्ह्यातल्या वालूरची चक्राकार बारव तुलनेने कमी लोकांना माहीत आहे.

आता ती अडचण. भानामतीच्या प्रकारांनी या भागात अनेक घरे होरपळली आहेत. बाई घुमू लागली, अंगावर फुल्या उमटल्या, कपडे पेटले, की करणी केल्याचा संशय शेजारच्या एखाद्या दुबळ्या माणसावर जायचा. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कार्यकर्त्यांनी इथे गावोगाव फिरून प्रबोधन केले, आणि 2013 मध्ये राज्यात जादूटोणाविरोधी कायदा आला. अशा मुलखात ‘भुतांचे मंडळ’ म्हटले की एक तर मांत्रिक दाराशी येतो, नाही तर चळवळीतला माणूस जाब विचारायला येतो. दुसऱ्याला सभासद करून घेणे उत्तम. लबाडी कशी रचली जाते हे त्याला ठाऊक असल्याने कथेतले कच्चे दुवे तोच आधी दाखवतो.

नोंदणी करायची तर 1860 च्या संस्था नोंदणी अधिनियमानुसार किमान सात सभासद लागतात, आणि महाराष्ट्रात 1950 च्या सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियमाखाली धर्मादाय कार्यालयात नोंद करावी लागते. उद्दिष्टांच्या कलमात ‘वाङ्मयीन’ हा शब्द घालून ठेवावा, आणि ‘संशोधन’ लिहायचेच झाल्यास कथांचे संशोधन असे स्पष्ट लिहावे.