जुन्या मारहाणीचा कोड: वर्षाच्या मुदतीचा गैरसमज

‘मारहाणीला वर्ष उलटले की वैद्यकीय कोडमध्ये तिची नोंद होत नाही’, असे सांगितले जाते. आयसीडी-१० या जागतिक आरोग्य संघटनेच्या आजारांना कोड देणाऱ्या वर्गीकरणात मात्र वर्षानंतरच्या परिणामांसाठीही वाय८७.१ हा स्वतंत्र कोड आहे. डोक्यावरील जुन्या घावामुळे आज फेफरे येत असेल, तर आधी त्या आजाराचा जी४० गटातील कोड येतो. मेंदूच्या जुन्या दुखापतीसाठी टी९०.५ आणि कारण म्हणून वाय८७.१ जोडता येतो. ताज्या मारहाणीचा कोड येथे लागत नाही, बहुधा गोंधळ त्यामुळेच होतो. या वर्गीकरणाच्या विसाव्या प्रकरणातील वाय८५ ते वाय८९ या गटाची टीप वाचल्यास खात्री पटेल. अर्थात, डॉक्टरांनी केसपेपरवर ‘जुन्या मारहाणीमुळे’ असे लिहिलेले हवे, कारण कोड लावणाऱ्याने अंदाज बांधायचा नसतो. आणि या कोडने कोणाचा गुन्हा सिद्ध होत नाही.