क्रिमिया ओब्लास्त : 1945 ते 1991, आणि सेवास्तोपोलचा न सुटलेला गुंता

क्रिमिया रशियाचा की युक्रेनचा, हा वाद निघाला की चर्चा थेट 1954 वर जाते. त्या वर्षीचा हुकूम मात्र फार थोडे लोक वाचतात. सोव्हिएत संघातल्या रशियन प्रजासत्ताकाकडून युक्रेनी प्रजासत्ताकाकडे जो मुलूख गेला, त्याचे त्या हुकुमातले नाव ‘क्रिमिया ओब्लास्त’ असे आहे. ओब्लास्त म्हणजे प्रजासत्ताकातला साधा प्रशासकीय प्रांत. हे ओब्लास्त तेव्हा नऊ वर्षांचेही झाले नव्हते. त्याआधी चोवीस वर्षे तिथे स्वायत्त सोव्हिएत समाजवादी प्रजासत्ताक होते. 1954 चे हस्तांतर तीन महिन्यांत, एकही जाहीर विरोधी सूर न उमटता उरकले, त्याचे निम्मे कारण 1945 मधल्या या दर्जाबदलात आहे.

त्यापूर्वीचा इतिहास इथे थोडक्यात पुरे. झारशाहीच्या काळात द्वीपकल्प तवरीया गुबेर्नियात मोडत असे. 1802 मध्ये स्थापन झालेल्या या प्रांताचे पाच तालुकेवजा विभाग द्वीपकल्पावर होते, तर बेर्द्यान्स्क, मेलितोपोल आणि द्नेप्रोव्स्क हे तीन मुख्य भूमीवर. म्हणून एकोणिसाव्या शतकातले ‘तवरीया’चे लोकसंख्येचे किंवा धान्याचे आकडे ‘क्रिमिया’चे म्हणून वापरले की हिशेब चुकतो. उत्तरेकडचे तीन विभाग आधी वजा करावे लागतात. 1918 ते 1920 या काळात सरकारे इतक्या वेगाने बदलली की त्यांच्या सीमांना कागदाबाहेर फारसा अर्थ नव्हता. नोव्हेंबर 1920 मध्ये लाल सेनेने द्वीपकल्प कायमचे ताब्यात घेतले आणि 18 ऑक्टोबर 1921 रोजी रशियन प्रजासत्ताकाच्या अंतर्गत स्वायत्त प्रजासत्ताक जाहीर झाले. रशियन आणि तातार या दोन भाषा सरकारी ठरल्या. पुढे वस्तीच्या बहुसंख्येनुसार ‘राष्ट्रीय’ रायोनही (तालुक्यासारखे विभाग) आखले गेले. फ्राइदोर्फ आणि लारिंदोर्फ हे ज्यू रायोन त्यांतलेच.

स्वायत्त प्रजासत्ताक आणि ओब्लास्त यांतला फरक नुसत्या नावाचा नव्हता. स्वायत्त प्रजासत्ताकाला स्वतःची राज्यघटना, स्वतःचे सर्वोच्च सोव्हिएत (विधिमंडळ) आणि स्वतःचे मंत्रिमंडळ असे. 1936 च्या संघीय घटनेनुसार संसदेच्या राष्ट्रीयत्व सभागृहात प्रत्येक संघीय प्रजासत्ताकाला 25, स्वायत्त प्रजासत्ताकाला 11 आणि स्वायत्त ओब्लास्ताला 5 जागा होत्या. साध्या ओब्लास्ताला या सभागृहात एकही जागा नव्हती. ओब्लास्त म्हणजे प्रजासत्ताकाच्या घटनेतल्या एका लांबलचक यादीतले एक नाव. ते खोडायला आणि दुसऱ्या यादीत लिहायला दोन कलमांतली दुरुस्ती पुरत असे.

हा दर्जा गेला तो हद्दपारीनंतर. 18 मे 1944 रोजी सुरू झालेल्या आणि तीन दिवसांत उरकलेल्या कारवाईत 1,80,000 हून अधिक क्रिमियन तातारांना मुख्यतः उझबेकिस्तानात पाठवण्यात आले. जून अखेरीस ग्रीक, बल्गेरियन आणि आर्मेनियन लोकांनाही हलवले. जर्मन 1941 मध्येच गेले होते. ज्या समाजाच्या नावाने स्वायत्तता ओळखली जात होती तोच तिथे उरला नाही. 30 जून 1945 च्या हुकुमाने स्वायत्त प्रजासत्ताकाचे ओब्लास्त झाले. हा हुकूम संघीय सर्वोच्च सोव्हिएतच्या अध्यक्षमंडळाचा, म्हणजे अधिवेशन नसताना त्याच्या वतीने हुकूम काढणाऱ्या छोट्या मंडळाचा होता. रशियन प्रजासत्ताकाच्या सर्वोच्च सोव्हिएतने तसा कायदा केला 25 जून 1946 रोजी, म्हणजे जवळपास वर्षभराने. आधी अंमल आणि मग मंजुरी हा क्रम 1954 मध्ये पुन्हा दिसतो. तिथे तो बेकायदा म्हणणाऱ्यांनी 1945 च्या वेळी मौन का पाळायचे, हा प्रश्न मात्र क्वचितच विचारला जातो.

नावेही याच काळात बदलली, तीन टप्प्यांत. डिसेंबर 1944 मध्ये रायोन आणि त्यांची मुख्य ठिकाणे, ऑगस्ट 1945 मध्ये तीनशेहून अधिक गावे आणि 18 मे 1948 रोजी हजाराहून अधिक वस्त्या. कारासुबाझारचे बेलोगोर्स्क झाले, कुर्मान-केमेल्चीचे क्रास्नोग्वार्देयस्कोये, इस्लाम-तेरेकचे किरोव्स्कोये, सेयत्लेरचे निझ्नेगोर्स्की, इच्कीचे सोव्हेत्स्की आणि जुर्चीचे पेर्वोमायस्कोये. बख्चिसराय आणि जान्कोय ही नावे वाचली. 1944 पूर्वीचा नकाशा आणि 1950 चा नकाशा शेजारी ठेवून गाव शोधणाऱ्याची इथे हमखास फसगत होते, कारण नवी नावे साचेबंद आहेत आणि एकच नाव वेगवेगळ्या रायोनांत भेटते. अशा वेळी गावाच्या नावाआधी रायोन निश्चित करावा आणि नंतर जवळची नदी किंवा रेल्वेमार्ग पाहावा. 1962–63 मध्ये बरेच रायोन एकमेकांत विलीन झाले, पुढे काही परत वेगळे झाले. म्हणून रायोनाचे नाव लिहिताना वर्षही लिहावे लागते.

आता सेवास्तोपोल, क्रिमियातले आरमारी तळाचे शहर. सगळा गुंता इथे आहे.

युद्धात हे शहर जवळजवळ जमीनदोस्त झाले होते. ऑक्टोबर 1948 मध्ये संघीय मंत्रिमंडळाने त्याच्या पुनर्बांधणीचा वेग वाढवण्याचा निर्णय घेतला. चारच दिवसांनी, 29 ऑक्टोबर रोजी, रशियन प्रजासत्ताकाच्या अध्यक्षमंडळाचा एक अगदी छोटा हुकूम निघाला. सेवास्तोपोल हे स्वतंत्र अंदाजपत्रक असलेले वेगळे प्रशासकीय व आर्थिक केंद्र करावे आणि त्याची गणना प्रजासत्ताकाच्या थेट अखत्यारीतील शहरांत करावी, एवढाच त्याचा आशय. शहर ओब्लास्तातून वगळले, असे शब्द त्यात नाहीत. शहराची हद्दही त्यात दिलेली नाही.

1954 च्या कागदांत सेवास्तोपोलचा उल्लेख नाही. त्यांत सर्वत्र फक्त ‘क्रिमिया ओब्लास्त’ आहे. यावरून एक युक्तिवाद उभा राहिला : सेवास्तोपोल 1948 मध्येच ओब्लास्ताबाहेर पडले होते, सबब ते 1954 मध्ये युक्रेनकडे गेलेच नाही. रशियाच्या तत्कालीन संसदेने 9 जुलै 1993 रोजी शहराला रशियन संघराज्याचा दर्जा असल्याचा ठराव केला, तो याच आधारावर. त्याच महिन्यात संयुक्त राष्ट्रांच्या सुरक्षा परिषदेने हा ठराव करारांशी आणि सनदेशी विसंगत ठरवला. रशियाच्या परराष्ट्र खात्यानेही तेव्हा संसदेपासून अंतर राखले होते.

हा युक्तिवाद ऐकायला नेटका आहे, पण कारभाराच्या कसोटीवर टिकत नाही. थेट अखत्यारीतील शहर हा दर्जा त्या काळी अंदाजपत्रकाची आणि पुरवठ्याची वाट ठरवत असे. सिमेंट, मजूर आणि पैसा ओब्लास्ताच्या वाट्यातून न येता वरून थेट यावा, यासाठी तो दिला जाई. नोव्होसिबिर्स्क, स्वेर्दलोव्स्क आणि चेल्याबिन्स्क यांनाही तो युद्धकाळात मिळाला होता. म्हणून ही शहरे आपापल्या ओब्लास्ताबाहेर गेली असे कोणी म्हटले नाही. ती ओब्लास्तांची मुख्य ठिकाणेच राहिली आणि 1958 मध्ये हा दर्जा निमूटपणे काढून घेण्यात आला. सेवास्तोपोलची पक्षसमिती 1948 नंतरही क्रिमियाच्या ओब्लास्त समितीखालीच होती, आणि सोव्हिएत व्यवस्थेत पक्षाची उतरंड कुठून जाते हे कोणत्याही हुकुमापेक्षा जास्त बोलके असते. शिवाय 1978 च्या युक्रेनी घटनेने थेट अखत्यारीतील शहरे म्हणून कीव आणि सेवास्तोपोल यांची नावे स्पष्ट लिहिली. त्याच वर्षीच्या रशियन घटनेत सेवास्तोपोलचे नाव नाही. आपले शहर दुसऱ्याच्या घटनेत छापले जात असताना पंधरा वर्षे हरकत न घेणारा मालक विरळाच.

हद्दीचा मुद्दा याहून अडचणीचा. 1948 मधले सेवास्तोपोल आणि 1990 च्या दशकातले सेवास्तोपोल हे एकच क्षेत्र नव्हे. बलाक्लावा हे 1957 पर्यंत वेगळे गाव होते आणि त्यानंतर सेवास्तोपोलचा एक विभाग झाले. 1993 च्या ठरावाने डिसेंबर 1991 ची हद्द धरली. म्हणजे दावा 1948 च्या कागदावरून केला आणि नकाशा मात्र हस्तांतरानंतरच्या कारभारात आखला गेलेला घेतला.

युक्रेनच्या बाजूचा ढिसाळपणाही दिसतो. सेवास्तोपोलसंबंधी दोन ओळींची वेगळी तरतूद 1954 मध्ये झाली असती तर वाद उभाच राहिला नसता. ती झाली नाही, कारण तेव्हा कोणालाच गरज वाटली नसावी. आरमार, गोदी, तोफखाना, सगळे संघीय मंत्रालयांकडे होते. शहरात शिरायला परवाना लागे तो बंदिस्त नाविक तळ म्हणून. त्यात प्रजासत्ताक रशियन की युक्रेनी याने फरक पडत नव्हता.

हस्तांतराची पायरीवार नोंद अशी. 25 जानेवारी 1954 रोजी पक्षाच्या सर्वोच्च मंडळाने मसुदा मान्य केला. 5 फेब्रुवारीला रशियन अध्यक्षमंडळाने संमती दिली, 13 तारखेला युक्रेनी अध्यक्षमंडळाने ती स्वीकारली आणि 19 तारखेला संघीय अध्यक्षमंडळाचा हुकूम निघाला. समान अर्थव्यवस्था, भौगोलिक जवळीक आणि घनिष्ठ आर्थिक व सांस्कृतिक संबंध, अशी तीन कारणे त्यात दिली आहेत. 26 एप्रिलला संघीय सर्वोच्च सोव्हिएतने कायदा करून घटनेची 22 आणि 23 ही कलमे दुरुस्त केली. 2 जूनला रशियन सर्वोच्च सोव्हिएतने स्वतःच्या घटनेचे कलम 14 दुरुस्त करून ओब्लास्ताच्या यादीतून क्रिमिया काढले. अध्यक्षमंडळाला प्रदेश देण्याचा अधिकारच नव्हता, हा आक्षेप 5 फेब्रुवारीपुरता खरा आहे. संघीय घटनेच्या कलम 18 नुसार प्रजासत्ताकाची संमती लागे आणि ती अध्यक्षमंडळाने देणे संशयास्पदच होते. पण 2 जूनच्या दुरुस्तीनंतर या आक्षेपात किती जीव उरतो, हे आक्षेप घेणारे सांगत नाहीत. बहुतेक लेखांत ही तारीखच नसते. लोकांना विचारले नाही, हे मात्र निर्विवाद. 1945 मध्येही विचारले नव्हते.

पुढच्या 37 वर्षांत ओब्लास्ताच्या कारभारात सर्वांत मोठी गोष्ट घडली ती पाण्याची. 1960 च्या दशकात काखोव्का जलाशयातून निघालेला सुमारे 400 किलोमीटरचा उत्तर क्रिमिया कालवा आला. 1963 मध्ये पाणी द्वीपकल्पाच्या उत्तरेस पोहोचले आणि पुढे द्वीपकल्पाच्या पाण्याचा सुमारे 85 टक्के वाटा याच कालव्याचा झाला. एकाच प्रजासत्ताकात धरण आणि कालवा असल्याने पाणीवाटपाचा आंतरप्रजासत्ताक करार करावा लागला नाही. 2014 मध्ये युक्रेनने कालवा अडवला तेव्हा त्या न केलेल्या कराराची किंमत कळली. हद्दपार तातारांवरचे जर्मनांना साथ दिल्याचे आरोप 1967 मध्ये मागे घेतले गेले, पण परतण्याची वाट 1980 च्या दशकाच्या अखेरीपर्यंत बंदच होती.

ओब्लास्ताचा शेवट 1991 चा. 20 जानेवारीच्या सार्वमतात विचारले गेले, ते स्वायत्त प्रजासत्ताक सोव्हिएत संघाचा घटक आणि नव्या संघ-कराराचा पक्षकार म्हणून पुन्हा स्थापन व्हावे का, असे. 93 टक्क्यांहून अधिक मते ‘हो’ पडली. 12 फेब्रुवारीच्या युक्रेनी कायद्याने मात्र दर्जा दिला तो युक्रेनी प्रजासत्ताकाच्या अंतर्गत. मतपत्रिका आणि कायदा यांतली ही तफावत पुढच्या चार वर्षांच्या भांडणाचे मूळ आहे. तातार तेव्हा परतत होते आणि या पुनर्स्थापित स्वायत्ततेत त्यांच्यासाठी काहीच खास तरतूद नव्हती. 1 डिसेंबरला युक्रेनच्या स्वातंत्र्याला क्रिमियात 54 टक्के आणि सेवास्तोपोलात 57 टक्के पाठिंबा मिळाला.

मे 1992 मध्ये क्रिमियाने स्वतःची घटना केली, जानेवारी 1994 मध्ये राष्ट्राध्यक्ष निवडला. 17 मार्च 1995 रोजी कीवने ती घटना आणि ते पद दोन्ही रद्द केले. 1996 च्या युक्रेनी घटनेत ‘क्रिमिया स्वायत्त प्रजासत्ताक’ आणि विशेष दर्जाचे सेवास्तोपोल अशी दोन वेगळी नावे आली. 1997 च्या आरमार करारांनी सेवास्तोपोलचा तळ रशियाला भाड्याने दिला. 1998 ची क्रिमियाची घटना जानेवारी 1999 पासून लागू झाली. मार्च 2014 मध्ये रशियाने द्वीपकल्प आपल्यात सामील करून घेतले आणि दोन घटक केले, क्रिमिया प्रजासत्ताक व सेवास्तोपोल. विभाजन सोव्हिएत काळातले तेच. त्यांच्यासाठी केलेला वेगळा संघीय जिल्हा जुलै 2016 मध्ये दक्षिण जिल्ह्यात विलीन झाला. संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेने 27 मार्च 2014 रोजी हे सामिलीकरण अमान्य केले, 100 विरुद्ध 11 मतांनी. तटस्थ राहिलेल्या 58 देशांत भारत होता.

युक्रेनने 2016 मध्ये अनेक सोव्हिएत नावे बदलून तातार नावे परत आणली, जसे क्रास्नोग्वार्देयस्कोयेचे कुर्मान. जुलै 2020 मध्ये जुन्या 14 रायोनांच्या जागी 10 आखले. ताबा परत मिळेपर्यंत दोन्ही निर्णय कागदावरच आहेत, त्यामुळे आज एकाच गावाला दोन सरकारी पत्ते आहेत. सिंफेरोपोलच्या वैद्यकीय विद्यापीठात शिकलेल्या आपल्याकडच्या डॉक्टरांनाही हे कळले असेल, कारण ती संस्था 2014 मध्ये रशियाने स्थापन केलेल्या क्रिमिया संघीय विद्यापीठात विलीन झाली आणि आधीच्या व नंतरच्या पदवीपत्रांवर देश वेगवेगळा आहे. टपालाचे क्रमांक तेवढे सोपे. युक्रेनचा पाच अंकी क्रमांक तसाच ठेवून रशियाने त्याच्या आधी 2 जोडला. सिंफेरोपोलचे 95000 झाले 295000, आणि सेवास्तोपोलचे 99000 झाले 299000.