शूल कशाला म्हणावे आणि वेदना कशाला

ठाण्याच्या नौपाड्यात राहणाऱ्या माझ्या आत्याने गेल्या पावसाळ्यात एका वैद्यांकडून आणलेल्या कागदावर ‘उदरशूल, आध्मान, अरुचि’ असे तीन शब्द लिहिलेले होते. अरुची तिला कळली आणि आध्मान म्हणजे पोट फुगणे असावे हा तिचा अंदाजही बरोबर निघाला. पण शूल या शब्दापाशी ती अडली, आणि संध्याकाळपर्यंत घरच्या व्हॉट्सॲप गटावर ‘आत्याला शूल निघाला’ असा निरोप फिरू लागला. कल्याणच्या काकांनी तर ऑपरेशन कधी आहे, असे फोन करून विचारले. वास्तविक, पोटात टोचल्यासारखे दुखते ही तिचीच तक्रार वैद्यांनी संस्कृतात उतरवून घेतली होती. ‘मग सरळ वेदना लिहायला काय झालं होतं?’ हा तिचा प्रश्न मात्र रास्त होता. हे दोन शब्द शब्दकोशात शेजारी बसत असले तरी दुखण्याकडे पाहण्याच्या दोन वेगळ्या दिशा दाखवतात.

शूल हे मुळात टोकदार वस्तूचे नाव आहे. जांभळी नाक्याजवळच्या कौपिनेश्वर मंदिरात ज्याला आपण हात जोडतो, त्या महादेवाला शूलपाणी म्हणतात ते हातातल्या शूलामुळे, आणि त्याच शूलाला तीन टोके असली की त्याचा त्रिशूल होतो. भाला, अणकुचीदार खुंट, मांस भाजण्याची सळई या सर्वांना संस्कृतात हा शब्द चालतो. दुखण्याला हे नाव का मिळाले, याचा खुलासा सुश्रुतसंहितेच्या उत्तरतंत्रात, गुल्माच्या, म्हणजे पोटातल्या गोळ्याच्या, ४२व्या अध्यायात आला आहे: शंकू, म्हणजे मेख, ठोकून फोडल्यासारख्या तीव्र वेदना ज्यात होतात, त्याला शूल म्हणावे. या व्याख्येतच आत्याच्या प्रश्नाचे अर्धे उत्तर आहे, कारण शूल समजावून सांगताना ग्रंथकाराला वेदना हा शब्द घ्यावा लागला. वेदना ही जात आणि शूल हा तिच्यातला एक प्रकार. प्रत्येक शूलात वेदना असते, पण प्रत्येक वेदना शूल नसते. भाजलेल्या बोटाची आग, तापातली अंगमोड किंवा दिवसभर उभे राहून भरून आलेले पाय यांना शूल म्हणणे चूक ठरेल.

मराठीत आल्यावर या शब्दाचे दोन तुकडे झाले. ज्यावर गुन्हेगाराला चढवत तो सूळ, आणि पोटात उठतो तो शूळ. सुळावरची पोळी, दातांतले सुळे, पनवेलच्या बाजूला आकाशात घुसलेले डोंगरांचे सुळके, या सर्वांत टोकच आहे, पण त्यांत दुखणे नाही. म्हणून ‘पोटसूळ’ असे लिहिणे टाळावे. ल आणि ळ यांच्याबाबत साधारण असे दिसते की समासातला पहिला शब्द संस्कृत असेल तर शूल लिहितात, जसे उदरशूल, कटिशूल, पार्श्वशूल. आणि तो घरगुती मराठी असेल तर शूळ, जसे पोटशूळ, कपाळशूळ. मस्तकशूळ हा शब्द या नियमाला जुमानत नाही. त्याला तसाच राहू द्यावा.

वेदनेचे कुळ अगदी वेगळे आहे. विद् म्हणजे जाणणे या धातूपासून वेद, विद्या, विद्वान हे शब्द आले, आणि वेदनाही तिथूनच आली. मूळ अर्थाने वेदना म्हणजे जाणीव. ती दुःखदच असली पाहिजे अशी अट नाही. बौद्धांच्या पाली ग्रंथांत माणूस ज्या पाच घटकांचा बनलेला मानतात, त्या पाच स्कंधांपैकी दुसरा वेदनेचा आहे, आणि ती सुखद, दुःखद किंवा दोन्ही नसलेली अशी तीन प्रकारची सांगितली आहे. बेलापूरच्या पारसिक टेकडीवर विपश्यनेला जाऊन आलेल्यांना हा अर्थ परका वाटणार नाही. चरकसंहितेच्या शारीरस्थानात, पहिल्याच अध्यायात, मन आणि इंद्रियांसह देह हे वेदनांचे अधिष्ठान म्हटले आहे, आणि त्यातून केस व नखांची टोके वगळली आहेत, म्हणूनच न्हाव्याच्या खुर्चीत आपल्याला डुलकी लागू शकते. थोडक्यात, वेदनेला कुणीतरी जाणणारा लागतो. वेदनेचा अभ्यास करणाऱ्या आंतरराष्ट्रीय संघटनेने २०२० साली सुधारलेल्या व्याख्येतही वेदना हा ‘अप्रिय संवेदनात्मक आणि भावनिक अनुभव’ आहे, आणि ज्याला ती बोलून दाखवता येत नाही त्यालाही ती होत असू शकते, हे त्या व्याख्येच्या टिपांत मुद्दाम नोंदवले आहे.

दोन्ही शब्दांतला फरक जुन्या वैद्यांनाही महत्त्वाचा वाटत होता, याचा मला सर्वांत पटलेला पुरावा चरकाच्या सूत्रस्थानात, चौथ्या अध्यायात आहे. तिथे औषधी द्रव्यांचे पन्नास गट सांगितले आहेत आणि प्रत्येकात दहा द्रव्ये आहेत. त्यांत एक गट शूलप्रशमन द्रव्यांचा आणि दुसरा वेदनास्थापन द्रव्यांचा. दोन्ही शब्द एकाच अर्थाचे असते तर दोन गट करण्याचे कारण नव्हते. आता त्यांच्यातली द्रव्ये पाहावीत. शूलप्रशमन गटात पिंपळी, पिंपळमूळ, चवक, चित्रक, सुंठ, मिरे, अजमोदा, जिरे अशी मंडळी आहेत, म्हणजे जवळजवळ आपला मसाल्याचा डबाच. वेदनास्थापन गटात शाल, कदंब, शिरीष, अशोक, मोचरस अशी नावे येतात, म्हणजे झाडे, त्यांच्या साली आणि त्यांचा डिंक. पहिल्या गटाचा रोख उघडच पोटाकडे, अडलेल्या वायूकडे आणि मंदावलेल्या पचनाकडे आहे. तान्ह्या बाळाचे पोट दुखू लागले की आजही आजी बेंबीभोवती हिंगाचे पाणी चोळते आणि मोठ्यांच्या तळहातावर ओवा-मीठ ठेवते, ती याच विचाराची शाखा. दुसऱ्या गटात असा एका अवयवाकडे रोख दिसत नाही. ‘वेदनास्थापन’ हा शब्द मात्र पहिल्या वाचनात दगा देतो, कारण वेदना स्थापन करणारे औषध कोण घेईल? टीकाकार चक्रपाणिदत्तांनी तो उलगडून दाखवला आहे: झालेली वेदना घालवून शरीराला मूळ स्थितीत जे स्थापन करते, ते वेदनास्थापन.

त्याच सूत्रस्थानाच्या विसाव्या अध्यायात वाताच्या ऐंशी विकारांची यादी आहे. तीत कान आणि डोळे यांच्यासाठी कर्णशूल, अक्षिशूल; कानशिले आणि कपाळ यांच्यासाठी शंखभेद, ललाटभेद; आणि डोक्यासाठी शिरोरुक् असे शब्द योजले आहेत. कपाळ फुटल्यासारखे होते, कानात टोचते, डोके नुसते दुखते, हा भेद एका यादीत तीन शब्दांनी सांभाळला आहे. रुक् हा शब्द ‘रुज्’ म्हणजे मोडणे या धातूचा, आणि आपले रोग व रुग्ण हे शब्दही त्याच घरचे.

बोलीत या सगळ्याचे काय झाले, ते पाहण्यासारखे आहे. पोटात टोचून दुखण्यासाठी आज ठाण्यात कुणी शूळ म्हणत नाही. कळ येते, कळ निघते, मुरडा होतो. बाळंतपणाच्या कळा आणि वेणा यांतली वेण तर वेदनेचेच झिजलेले रूप आहे, म्हणजे जाणिवेचा एवढा व्यापक शब्द घराघरांत येऊन एकाच प्रसंगाला चिकटला. शूळ मात्र दुखण्यातून उठला आणि थेट मत्सरात जाऊन बसला. शेजाऱ्याने घोडबंदर रोडला दोन बेडरूमचा फ्लॅट घेतला की आपल्याला पोटशूळ उठतो, आणि त्यावर ओवा चालत नाही. क्रियापदेही बघावीत: शूळ उठतो, वेदना होतात. शूळ जणू स्वतः उभा राहतो; वेदना कुणाला तरी होते. मनाच्या बाबतीत तर शूळ मुळीच चालत नाही. मनाची वेदना असते, मनात शल्य असते, पण ‘मनाचा शूळ’ मी कधी ऐकला नाही. शल्य म्हणजे बाणाच्या टोकासारखे आत रुतून राहिलेले, जे उपटून काढावे लागते, म्हणून शल्यचिकित्सा. शूल येतो, भोसकतो आणि ओसरतो.

पंचांगातला दिशाशूल, म्हणजे ठरावीक वारी ठरावीक दिशेचा प्रवास अशुभ मानणे, हा तिसराच प्रकार, आणि त्याचा औषधाशी संबंध नाही. गुरुवारी दक्षिणेला दिशाशूल असतो असे मानतात; ठाण्याहून मुंबईला नोकरीसाठी जाणाऱ्यांनी तो पाळायचा म्हटला तर दर गुरुवारी रजा टाकावी लागेल.

दवाखान्यात गेल्यावर हा फरक उपयोगी पडतो का, तर पडतो, पण उलट्या बाजूने. रोग्याने संस्कृत शब्द वापरण्याची गरज नाही. दुखणे कसे आहे एवढे सांगितले तरी ते काम होते. कॅनडातल्या मॅक्गिल विद्यापीठात रोनाल्ड मेलझॅक यांनी १९७५ साली जी प्रश्नावली प्रसिद्ध केली, तिच्यात दुखण्याचे वर्णन करणारे ७८ शब्द २० गटांत मांडलेले आहेत, आणि त्यांत भोसकणारे, टोचणारे, जळजळणारे, ठसठसणारे असे शब्द वेगवेगळे मोजले जातात. शूल, दाह (आग), तोद (टोचणे), भेद (फुटल्यासारखे होणे) यांचे काम हेच होते. मुतखड्याची कळ लाटांनी येते आणि कुशीतून जांघेकडे उतरते. तिला शूल म्हणणे नेमके आहे. छातीच्या बाबतीत मात्र या शब्दावर विसंबणे घातक ठरू शकते. जुन्या ग्रंथांत हृच्छूल, म्हणजे हृदयातला शूल, आहे, पण हृदयविकाराचा झटका येताना पुष्कळांना टोचत नाही. छातीवर ओझे ठेवल्यासारखे किंवा आवळल्यासारखे वाटते, आणि ‘दुखत नाही हो, नुसतं दडपल्यासारखं होतंय’ असे म्हणत माणूस घरी बसून राहतो. तिथे शूल नसतो, तरी ती वेदनाच असते, आणि तत्काळ रुग्णालय गाठणे आवश्यक असते.

शूल हा शब्द कागदावर आला म्हणजे निदान झाले असेही समजू नये, कारण पुष्कळदा ते फक्त लक्षण असते. मात्र माधवनिदान या रोगनिदानावरच्या जुन्या ग्रंथात शूलाला रोग म्हणूनही स्वतंत्र प्रकरण दिले आहे. तिथे वात, पित्त, कफ, त्यांच्या तीन जोड्या, तिन्ही एकत्र आणि आम, म्हणजे नीट न पचलेला अन्नरस, असे आठ प्रकार मोजले असून सर्वांत बहुधा वायूच प्रमुख असतो, असे म्हटले आहे. त्याशिवाय जेवणाशी वेळ जुळवून दोन प्रकार वेगळे काढले आहेत: अन्न पचत असताना उठणारा परिणामशूल, आणि पचनाच्या आधी, नंतर, केव्हाही होणारा व उलटी झाल्यावरच शमणारा अन्नद्रवशूल. आजचे वैद्य यांची तुलना अनुक्रमे लहान आतड्याच्या सुरुवातीच्या भागातील आणि जठरातील व्रणाशी, म्हणजे अल्सरशी, करतात.

आत्या पंधरा दिवसांनी पुन्हा गेली, तेव्हा वैद्यांनी दुखते कधी, असे विचारले. तिने थोडा विचार करून सांगितले की जेवल्यावर लगेच नाही, दोन-अडीच तासांनी सुरू होते आणि काही खाल्ले की थांबते. त्यांनी ‘उदर’ हा शब्द खोडून त्या जागी ‘परिणाम’ लिहिले. परतताना तिने गोखले रोडवरूनच मला फोन केला, कारण परिणामाचा आपल्याला ठाऊक असलेला अर्थ तिला धास्तावत होता. इथे परिणाम म्हणजे पचन, अन्नाचे रूपांतर, एवढेच, असे मी सांगितल्यावर ती थोडा वेळ गप्प राहिली, आणि मग म्हणाली, ‘ते तू आधी गटावर टाक, नाहीतर काका पुन्हा फोन करतील.’