अदृश्यतायंत्र

अदृश्यतायंत्र हे विज्ञानकथांतले आणि चित्रपटांतले एक काल्पनिक उपकरण आहे. ते हातात धरले किंवा मनगटावर बांधले की धारकाभोवतीचा प्रकाश वळतो आणि पाहणाऱ्याला तो माणूस दिसेनासा होतो, नाहीतर त्याच्या जागी भलतेच काही दिसते. असे यंत्र आजवर कोणी बनवलेले नाही. मात्र प्रकाशकीच्या दृष्टीने ही कल्पना निव्वळ थोतांड नाही. कथाकारांनी कथेच्या सोयीसाठी यंत्राला ज्या उणिवा चिकटवल्या, त्या तर त्याच्या करामतींपेक्षा भौतिकीला अधिक धरून आहेत.

अदृश्य होण्याची हौस यंत्रांहून फार जुनी. प्लेटोच्या ‘रिपब्लिक’मध्ये गायजीसच्या अंगठीची गोष्ट येते. अंगठीचा खडा तळहाताकडे फिरवला की तो घालणारा मेंढपाळ दिसेनासा होतो. कालिदासाच्या ‘शाकुंतला’त सहाव्या अंकात सानुमती ही अप्सरा तिरस्करिणी या अदृश्य करणाऱ्या विद्येच्या आडून दुष्यंताची अवस्था पाहून घेते. या कथांत प्रकाशाचे काय होते हा प्रश्नच नाही. जादू म्हटली की कारण सांगावे लागत नाही.

कारण सांगायची जबाबदारी घेतली ती एच. जी. वेल्स यांनी, १८९७ मध्ये. त्यांच्या अदृश्य माणसाकडे यंत्र नाही. तो स्वतःच्या शरीराचा अपवर्तनांक, म्हणजे माध्यम प्रकाशाला किती वळवते याचे माप, हवेइतका करून घेतो. तर्क पक्का आहे. एका माध्यमातून दुसऱ्यात जाताना प्रकाश वळतो आणि काही परततो, म्हणून पारदर्शक वस्तूही दिसते. दोन्हींचा अपवर्तनांक सारखा असेल तर यातले काहीच घडत नाही. पायरेक्स काचेची नळी ग्लिसरिनमध्ये बुडवली की जवळजवळ गायब होते, कारण दोघांचाही अपवर्तनांक १.४७ च्या आसपास असतो. अडचण पुढे आहे. दिसण्यासाठी दृष्टिपटलाने प्रकाश शोषावा लागतो. पूर्ण पारदर्शक डोळा काहीही शोषणार नाही, म्हणजे अदृश्य माणूस ठार आंधळा असणार. वेल्स यांना याचा वास लागला असावा. कथेतल्या प्रयोगात मांजर अदृश्य होते, पण तिच्या डोळ्यांमागचा चमकता थर तेवढा दिसत राहतो. नायकालाही आरशात स्वतःच्या दृष्टिपटलामागे धुक्याहून फिकट रंगद्रव्य तेवढे उरलेले दिसते.

भारतीय प्रेक्षकांच्या मनात हे यंत्र पक्के बसले ते शेखर कपूर दिग्दर्शित ‘मिस्टर इंडिया’मुळे (१९८७). सलीम-जावेद यांच्या या कथेत अरुण वर्माला त्याच्या शास्त्रज्ञ वडिलांनी बनवलेले मनगटी यंत्र मिळते. ते चालू केले की तो अदृश्य होतो, फक्त लाल प्रकाशात दिसतो. पटकथेला ही अट हवीच होती, कारण कधीच न दिसणाऱ्या नायकाला धोका नसतो आणि पडद्यावर नटाचा चेहराही अधूनमधून दिसायला हवा. पण भौतिकीच्या अंगाने या चित्रपटातली सर्वांत खरी गोष्ट हीच आहे. प्रकाश वळवणारी कोणतीही रचना काही ठरावीक तरंगलांबींनाच नीट वळवू शकते, बाकीच्या तिला जुमानत नाहीत. लाल रंगाची तरंगलांबी दृश्य प्रकाशात सर्वांत मोठी, सुमारे ६२० ते ७५० नॅनोमीटर. तेव्हा निळ्या-हिरव्यावर चालणारे यंत्र लालपाशी हात टेकते, यात अशक्य काही नाही.

फक्त मग नायकाला उन्हात फिरता येणार नाही. सूर्यप्रकाशात लाल रंग असतोच, त्यामुळे तो भर दुपारी लालसर आकृतीसारखा दिसेल आणि गुंडांना वेगळा दिवा शोधावा लागणार नाही. उलट याच दोषामुळे त्याचा आंधळेपणाचा प्रश्न सुटतो. निळा-हिरवा प्रकाश अंगाला वळसा घालून जातो, लाल तेवढा डोळ्यापर्यंत पोहोचतो. त्याला सगळे जग लाल छटांत दिसेल, पण दिसेल. दोष दुरुस्त केला तर तो पुन्हा आंधळा.

प्रकाश हवेतल्या हवेत वळू शकतो हे मृगजळात दिसते. तापलेल्या डांबरी रस्त्यालगतची हवा विरळ असते. तिरप्या येणाऱ्या आकाशाच्या प्रकाशाला ती हळूहळू वर वळवते, आणि रस्त्याचा तेवढा तुकडा झाकून तिथे पाणी साचल्यासारखे दिसते. वस्तू लपवणे आणि तिच्या जागी दुसरेच दाखवणे, ही काल्पनिक यंत्राची दोन्ही कामे निसर्ग एकदम उरकतो.

हेच हवे तसे घडवण्याचे गणित २००६ मध्ये लंडनच्या इंपिरियल कॉलेजचे जॉन पेंड्री आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मांडले. भौतिकशास्त्रज्ञ उल्फ लिओनहार्ट यांनीही त्याच वर्षी स्वतंत्रपणे तशीच कल्पना मांडली. वस्तूभोवतीच्या कवचाचे गुणधर्म जागोजागी असे बदलायचे की लहरी तिला वळसा घालून पलीकडे पुन्हा मूळ मार्गाला लागतील. त्याच वर्षी अमेरिकेतल्या ड्यूक विद्यापीठात तांब्याच्या सुमारे पाच सेंटिमीटर रुंद नळकांड्यावर याचा प्रयोग झाला. कवच मेटामटेरियलचे होते, म्हणजे धातूच्या बारीक रचना असलेल्या, एकात एक बसवलेल्या कड्यांचे. पण झाकले ते सूक्ष्मलहरींपासून (मायक्रोवेव्ह), तेही एकाच प्रतलात आणि पूर्णपणे नव्हे. त्या लहरींची लांबी साडेतीन सेंटिमीटर होती. लाल प्रकाशासाठी त्याच रचना साधारण पन्नास हजारपट लहान कराव्या लागतील.

शिवाय वळसा घालणाऱ्या लहरीला सरळ जाणाऱ्या लहरीइतक्याच वेळात पलीकडे पोहोचावे लागते, नाहीतर चोरी उघड होते. त्यासाठी कवचात लहरीच्या शिखरांचा वेग निर्वातातल्या प्रकाशाच्या वेगाहून अधिक लागतो. एका अरुंद पट्ट्यात हे साधते, सबंध इंद्रधनुष्याला एकदम नाही.

काही प्रयोगांनी ही अडचण बगल देऊन टाळली. जपानमध्ये सुसुमु ताची यांनी परावर्तक अंगरख्यावर मागचे दृश्य प्रक्षेपकाने टाकून माणूस आरपार दिसतोय असा आभास निर्माण केला. त्यात प्रकाश वळवणे नाहीच. रॉचेस्टर विद्यापीठात जॉन हॉवेल आणि जोसेफ चोई यांनी २०१४ मध्ये चार साध्या भिंगांची रांग मांडली. तिच्यातून समोरून पाहिले तर मध्ये धरलेला हात नाहीसा होतो आणि मागचे दृश्य दिसते. हात मध्य-अक्षावर आला की लगेच दिसतो.

कथेतल्या यंत्राच्या सर्वांत जवळची कल्पना मात्र हाँगकाँगची आहे. २००९ मध्ये तिथल्या शास्त्रज्ञांनी दाखवले की वस्तूभोवती कवच न घालता, तिच्या शेजारी ठेवलेल्या उपकरणानेही ती लपवता येईल, किंवा चमच्याच्या जागी कप दिसेल असे करता येईल. धारक कवचाबाहेर राहत असल्यामुळे त्याच्या डोळ्यापर्यंत प्रकाश पोहोचू शकतो. याला ऋण अपवर्तनांकाचे, म्हणजे प्रकाशाला नेहमीच्या उलट बाजूला वळवणारे द्रव्य लागते, ज्याचा विचार रशियन भौतिकशास्त्रज्ञ व्हिक्टर वेसेलागो यांनी १९६७ मध्येच केला होता. असे द्रव्य प्रकाशाचा काही भाग गिळते, आणि हा आभासही एकाच वारंवारतेपुरता टिकतो.